डाव्या हाताची पकड

घिवलीच्या किनाऱ्यावरच्या मांगेलआळीतली, मासेमारांच्या वस्तीतली हेमाली पोलिसांत लागली तेव्हा आळीने तिचं कौतुक केलं. पिस्तुलाच्या नेमबाजीत नाव काढू लागली तेव्हा मात्र आळी गप्प झाली. तिचा नवरा धर्मेश त्याच आळीतला, बोईसरच्या एका कारखान्यात पाळीवर जायचा. माणूस मुळात वाईट नाही, असं सगळे म्हणत. हेमालीही बरीच वर्षं तसंच म्हणत आली होती.

तिची पहिली गोळी कायम मधोमध बसायची. घोटाळा दुसरीपासून. भराभर झाडायची वेळ आली की पुढच्या गोळ्या खाली, डावीकडे सरकत जायच्या. रेंजवर शिकवायला विश्राम उस्ताद होते, सोलापूरकडचे. ते बराच वेळ नुसते तिच्या हातांकडे बघत राहिले.

"चाप ओढताना तू अख्खी मूठ आवळतेस," ते म्हणाले. "उजवा हात पिस्तुलाच्या मुठीवर जितका वर बसेल तितका बसव. डाव्या बाजूला जी मोकळी जागा उरते, ती डाव्या तळव्यानं भरून काढ. अंगठे दोन्ही पुढं. आणि जोर लावायचा तो डाव्यानं. उजव्यानं फक्त बोट हलवायचं."

"पण माझा जोर उजव्यात आहे, उस्ताद."

"म्हणून तर तोच दगा देतोय."

हेमालीने ते मनावर घेतलं. ड्युटी संपली की रिकामं पिस्तूल धरून उभी राहायची. घरी भात शिजेपर्यंत डाव्या मुठीत रबरी चेंडू दाबत बसायची. सुरुवातीला नेम आणखीच बिघडला. मग हळूहळू पिस्तुलाची उसळी कमी झाली. गोळी सुटली की नळी आपसूक पूर्वीच्या जागी येऊन थांबायची, की लगेच पुढची. टार्गेटवरची सगळी भोकं तळहाताखाली झाकली जाऊ लागली. राज्याच्या स्पर्धेसाठी संघ निवडायचा होता. उस्ताद म्हणाले, "तुझं नाव आता कोण खोडतो बघतो."

इकडे नाक्यावर धर्मेशचे दोस्त त्याला छेडायचे. बायको घरात आली की हात वर करून उभा राहतोस का, म्हणायचे. तो त्यांच्याबरोबर हसायचा आणि घरी येऊन भांडी आपटायचा.

निवडीच्या आदल्या रविवारी दुपारी तो जेवायला बसला होता. हेमाली ओट्याशी उभी, हातात तो चेंडू.

"दाखव की," तो उठत म्हणाला. "तुझी पकड किती घट्ट हाय ती दाखव मला पन."

"धर्मेश, जेव गपचूप."

त्याने तिचं डावं मनगट धरलं आणि पिरगळलं. हसत होता. आतून काहीतरी कट्‌ करून तुटल्यासारखं झालं. अंगावर येणाऱ्या माणसाला कसं आडवं करायचं, ते तिला शिकवलेलं होतं. तिने केलं नाही. शेजारच्या खिडक्या उघड्या होत्या, तेवढंच तिच्या मनात आलं.

"मस्करी बी सोसवत नाय?" म्हणत तो परत ताटावर बसला.

निवडीच्या दिवशी मनगट सुजलेलं पाहून उस्तादांनी विचारलं. जिन्यात पाय घसरला, ती म्हणाली. पहिली गोळी मधोमध बसली. दुसरीच्या उसळीला डावा हात सुटला, आणि उरलेल्या कुठे गेल्या ते तिने बघितलंसुद्धा नाही. संध्याकाळी धर्मेश जिलेबी घेऊन आला. "जाऊं दे," तो म्हणाला, "घराकडं लक्ष तरी देशील आता." त्याचा चेहरा खरंच खुलला होता. हेमालीला ते मनगटापेक्षा जास्त लागलं.

मनगटातला अस्थिबंध फाटला होता आणि दुखणं अंगावर काढल्यामुळे वेडावाकडा जुळला, असं डॉक्टर पुढे म्हणाले. तेव्हा कुठे तिने उस्तादांना खरं काय ते सांगितलं.

"त्याच दिवशी बोलली असतीस तर निवड पुढं ढकलायला लावली असती मी," ते एवढंच म्हणाले.

ती सामान घेऊन माहेरी आली. तिची आई हिरा दारात सुके बोंबील निवडत होती. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाली, "आलीस ती ऱ्हा. पन कशाला आलीस ते आळीत सांगू नको. हात पिरगळला म्हणून कोण घर सोडतं?"

"मी सोडलंय, आये."

तिने तक्रार दिली. ज्या टेबलावर ती इतर बायकांच्या तक्रारी लिहून घ्यायची, त्याच टेबलाच्या दुसऱ्या बाजूला बसून. लिहून घेणारी तिच्याच तुकडीतली होती, तिने मान वर न करता विचारलं, "इतके दिवस का थांबलात?"

पालघरच्या कोर्टात धर्मेशने शपथेवर सांगितलं की हात फक्त मस्करीत धरला होता. आळीतली चार माणसं त्याच्या बाजूने साक्षीला आली. त्यांतला एक हेमालीचा सख्खा मामा होता.