तव्याकडे पाठ

आमचा काका तव्याकडे पाठ करून हॉट डॉग करतो. तोंड आमच्याकडे, पाठ शेगडीकडे, हातात लांब चिमटा आणि जिभेची टकळी चालू. बोलता बोलता तो गर्रकन वळणार, सहाच्या सहा सॉसेज उलटणार आणि पुन्हा आमच्याकडे तोंड करून अर्धं राहिलेलं वाक्य पुरं करणार. वर आलेली बाजू दर वेळी खरपूस तपकिरी. कुठे काळा डाग नाही, कुठे फिकट पट्टा नाही. गेली तीस वर्षं दर रविवारी दुपारी हा खेळ होतो आणि आमच्या इमारतीतले सगळे फुकटे तो बघायला आणि खायला जमतात. फुकट्यांत पहिला नंबर माझा, कारण मी सख्खी पुतणी आहे आणि वरच्याच मजल्यावर राहते.

काका शहराला पाणी देणाऱ्या पंपघरात ऑपरेटर होता. अकरा पंप, एकेक पंप एखाद्या खोलीएवढा. तिथे काटे आहेत, दिवे आहेत, पण काकाच्या मते काटा हा आळशी माणसासाठी असतो. पंप बिघडायच्या आधी त्याचा आवाज बदलतो आणि ज्याला तो कळतो त्याला काट्याकडे बघावं लागत नाही. एकदा म्हणे कॅन्टीनमध्ये चहा पिता पिता त्याने कप खाली ठेवला आणि म्हणाला, "सात नंबरचं बेअरिंग चाललं." उघडून बघितलं तर खरंच बेअरिंगचा भुगा व्हायच्या बेतात होता. ही गोष्ट मी निदान दोनशे वेळा ऐकली आहे. दर वेळी कॅन्टीन पंपघरापासून थोडं आणखी लांब जातं.

तीच विद्या त्याने तव्याला लावली. आधी सॉसेज गरम पाण्यात पाच मिनिटं. पाणी उकळता कामा नये, उकळलं की साल फाटते आणि फाटलेलं सॉसेज काका कुणाच्या ताटात जाऊ देत नाही, स्वतः उभ्या उभ्या खाऊन पुरावा नष्ट करतो. मग फडक्याने कोरडी करायची, सुरीने तिरक्या चिरा द्यायच्या, अगदी वरवर, आणि बिडाच्या तव्यावर मंद आचेवर लोण्यात सोडायची. कांदा वेगळ्या भांड्यात, मऊ होऊन तांबूस होईपर्यंत. पाव लोण्यावर आतूनच शेकायचा. मोहरीचा सॉस पावाला आधी, सॉसेज नंतर, म्हणजे पहिल्याच घासाला तो नाकात जात नाही. हे सगळं कुणालाही जमेल. खरी गंमत पुढे. "सॉसेज आधी चरचरतं," काका सांगायचा, "मग तडतडतं, आणि गप्प व्हायच्या आधी एकदा खाकरतं. खाकरलं की उलटायचं." आम्ही सगळ्यांनी कान देऊन ऐकलं. आम्हाला ते कधी खाकरलेलं ऐकू आलं नाही.

साडेतीन वर्षांपूर्वी एका रविवारी सॉसेज जळली. होतं कधी कधी. पुढच्या रविवारीही जळली. काकाने खाटकाला शिव्या घातल्या आणि दुसरा खाटीक धरला. मग तवा बदलला. मग शेगडीचे बर्नर काढून तारेने साफ केले, मग लोण्याचा संशय घेतला. नाचता येईना अंगण वाकडं, हे मी तेव्हा तोंडावर बोलले आणि आयुष्यात पहिल्यांदा मला हॉट डॉग मिळाला नाही.

मग महिनाभराने सगळं आपोआप सुधारलं. पुन्हा तीच पाठ, तीच टकळी, तीच खरपूस सॉसेज. खाटकाला श्रेय मिळालं. मीही खाऊन मोकळी झाले. मला कशाला पडलंय, पोट भरल्याशी कारण.

खरी गोष्ट मला कळली ती बऱ्याच दिवसांनी, एका रविवारी घास तोंडात असताना. काकू काकाच्या बरोबर समोर, खिडकीजवळच्या स्टुलावर कांदा चिरत बसते. काकू घरी शिवणकाम करते. तिची नजर सुईच्या नेढ्यातून आरपार जाते, आणि कान तर त्याहून तिखट. तिने सुरी खाली ठेवली, केसांची बट कानामागे घेतली. काका वळला आणि सॉसेज उलटली. जरा वेळाने तिने पुन्हा बट मागे घेतली. काका पुन्हा वळला. तिसऱ्या वेळी मी चावायची थांबले.

दुपारी भांडी घासताना मी काकूला गाठलं. "काकू, काकाला ऐकू येत नाही?"

"हळू बोल," काकू म्हणाली, आणि मग स्वतःलाच हसली. "हळू कशाला म्हणा. भिंतीला कान असतील, त्यांना नाहीत."

तिला कळलं ते शिलाई मशीनमुळे. मशीनचं चाक महिनाभर कुरकुरत होतं. एरवी एका कुरकुरीला तेलाची बाटली घेऊन धावणारा माणूस शेजारी बसून पेपर वाचत राहिला. "मग एका रविवारी सॉसेज जळायला लागली, मी धसकले आणि हात आपोआप केसांकडे गेला. हे बघत होते. वळले. पुढच्या रविवारी मी मुद्दाम बट मागे घेतली, परत वळले. तेव्हापासून चाललंय. बोलणं ते ओठांवरून वाचतात."

"म्हणजे तुमचं ठरलेलं आहे?"

"ठरलंय कसलं? मी सांगितलं नाही, त्यांनी विचारलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची."

"आणि पंपघरात?"

काकूचा हात साबणात थांबला. "तिथे मी नाही ना." तिथे तो लांब स्क्रूड्रायव्हर घ्यायचा, टोक पंपाच्या अंगाला लावायचा आणि मूठ दातात धरायचा. हाडांतून थोडं फार पोचायचं. बघणाऱ्यांना वाटायचं, काय मुरलेला माणूस आहे! नियम मात्र साधा होता: ज्याला ऐकू येत नाही त्याने पंपघरात उभं राहायचं नाही. निवृत्तीला चार वर्षं होती. "पंपघर सुटलं तर ते काय करतील गं?" काकूने विचारलं.  मला भीती वाटली, हे सरळच सांगते, आणि ती काकाच्या नोकरीची नव्हती. तो एकटा त्या अकरा धुडांमध्ये दातात स्क्रूड्रायव्हर धरून उभा आहे, हे चित्र डोळ्यांपुढून जाईना.

त्यात पंपघरात नवी इंजिनियर आली. वय माझ्याहून कमी, डोक्यावर अधिकार. "कानामागून आली आणि तिखट झाली," काका कुरकुरला. पण बाई चांगली निघाली. सात नंबरची गोष्ट तिच्या कानावर आधीच गेली होती, कॅन्टीन चांगलं लांब पोचलेलं असताना. तिने काकाला विचारलं, रविवारी घरी येऊ का, एक काम आहे आणि तुमच्या हॉट डॉगबद्दलही ऐकलंय. काका त्या आठवड्यात दोन इंच उंच झाला. तवा तीनदा घासला. मला दम भरला की पाहुण्यांसमोर तोंड बंद ठेवायचं.

इंजिनियर आली. बसा म्हटलं तर बसली नाही. "बसले तर हे बघता येणार नाही," म्हणाली आणि काका आणि काकूच्या बरोबर मध्ये, काकूच्या स्टुलाकडे पाठ करून उभी राहिली. काकू तिच्यामागे पुरती झाकली गेली. मी डोळे मोठे करून काकूला इशारे केले. काकूने कांद्याची ताटली उचलून जागा बदलायचा प्रयत्न केला, तर पाहुणी अदबीने तिच्याबरोबर सरकली. स्वयंपाकघर केवढं ते, दोघींना मिळून फिरायला जागाच नव्हती.

आणि पाहुणीचे केस आखूड. ते सारखे कपाळावर यायचे आणि ती सारखी कानामागे सारायची.

काका वळला, सॉसेज उलटली. दोन वाक्यं बोलला. पाहुणीने केस सारले. काका वळला, सॉसेज उलटली. पाहुणीने पंपाबद्दल काही विचारलं आणि केस सारले. काका वळला. तीन वर्षांच्या सवयीने त्याचं अंग असं तयार झालं होतं की समोर कुणाचाही हात कानाकडे गेला की चिमटा चालायचा. सॉसेज नुसती गरगर फिरत होती, रंग धरायला त्यांना उसंतच मिळत नव्हती. तिच्यामागून काकूचा आवाज आला, आधी खोकल्यासारखा. मग मला कळलं की ती हसतेय, तोंडात पदर कोंबून.

इंजिनियर मात्र कामाचंच बोलत होती. "काका, दोन नवी माणसं घेतलीत. त्यांना तुम्ही शिकवायचं. माझा विचार असा आहे की दोन महिने काट्यांवर कागद चिकटवू. ते फक्त आवाजावर शिकतील. तुम्ही सोबत असल्यावर काळजी कसली?" आणि तिने केस कानामागे घेतले.

काका वळला. या वेळी त्याने चिमटा लावला नाही. तो तव्याकडे बघत राहिला. सहा फिकट, ओली, लाजिरवाणी सॉसेज. मग त्याने इंजिनियरच्या हाताकडे पाहिलं, जो अजून कानाजवळ होता. मग वाकून तिच्यामागे बघितलं, तिथे काकू डोळे पुसत होती. कांद्याने की हशाने, ते तिलाच ठाऊक.

"अगं," काका काकूला म्हणाला, "किती दिवस?"

"तीन वर्षं," काकू म्हणाली. मग त्याला ऐकू गेलं नसेल म्हणून तीन बोटं दाखवली.

काकाने गॅस बंद केला. शेगडीकडे तोंड करून तो उभा राहिला. तीस वर्षांत मी त्याला तव्यासमोर असं उभं राहिलेलं पहिल्यांदा पाहत होते. मग वळून इंजिनियरला म्हणाला, "मॅडम, काट्यांवर कागद चिकटवू नका. मला ऐकू येत नाही."

"म्हणजे थोडं कमी?" ती तव्याकडे बघत पुटपुटली.

"तुम्ही काय म्हणालात?"

तिने पुन्हा विचारलं नाही. काका पुढे बोलत राहिला, आवाज नेहमीपेक्षा मोठा, कारण आता लपवायला काही उरलं नव्हतं. "पोरं माझ्या भरवशावर तिथे उभी राहणार. बेअरिंग गेलं तर त्यांच्या अंगावर येईल. माझी झाकपाक सॉसेजपुरती ठीक होती."

मी पावांची ताटली पाहुणीपुढे सरकवली.

इंजिनियरने पाव घेतला, त्यात ते फिकट सॉसेज ठेवलं, वर कांदा घातला आणि अख्खा हॉट डॉग उभ्यानेच संपवला. हात पुसून ती काकाच्या समोर आली, ओठ नीट दिसतील अशी. "उद्यापासून पंपघरात येऊ नका, काका," ती म्हणाली. "आधी कान तपासून घ्या. तोवर स्टोअरमध्ये." तिच्या डोळ्यांत पाणी होतं, पण शब्द तिने फिरवला नाही. काकाने मान डोलावली. त्या दिवशी पहिल्यांदा तो तिच्याबद्दल बरं बोलला. "आहे बाई पक्की," म्हणाला, आणि तवा घासायला घेतला. मी वर निघून गेले.

पंपघर त्याला परत मिळालं नाही, ते मिळणार नव्हतंच. स्टोअरमध्ये तो नटबोल्टांच्या खोक्यांमध्ये बसतो आणि येणाऱ्या प्रत्येकाला सात नंबरची गोष्ट सांगतो. पळून जाणार कुठे, सामान त्याच्याच हातात. काकू म्हणते, पहिले दोन महिने तो सकाळी उठून कामाचे बूट घालायचा आणि स्टोअरला निघायच्या आधी दारात बसून राहायचा. त्याबद्दल मी विनोद करणार नाही.

कानातलं मशीन आलं तो रविवार मात्र सांगायलाच हवा. काकाने ते लावलं आणि सगळ्या घराशी भांडण काढलं. फ्रिज घुरघुरतो. नळ ठिबकतो. शिलाई मशीनला तेल नाही. "आणि तू इतक्या मोठ्याने चावतेस?" हे मला. मग सॉसेज तव्यावर पडली आणि तो दचकून मागे सरला. "हे सॉसेज आहे की सात नंबर?"

"खाकरलं की उलटा," काकू म्हणाली.

"सगळंच खाकरतंय!"

अर्धं मिनिट त्याने कळ काढली. मग मशीन कानातून काढून शर्टाच्या खिशात ठेवलं, तव्याकडे पाठ केली आणि समोर स्टुलावर बसलेल्या काकूकडे बघत राहिला. चोरून नाही, सरळ, आम्हा सगळ्यांदेखत. काकूने कांदा चिरून संपवला. सुरी धुतली. पदर नीट केला. तव्यावर सॉसेज आत्ता कुठे चरचरायला लागली होती. मग तिने माझ्याकडे बघून डोळे मिचकावले आणि बट कानामागे घेतली.

काका वळला आणि सहाच्या सहा उलटली. पांढरीफटक.

"काका, कच्ची आहेत!" मी ओरडले.

त्याने माझ्या ओठांवरून वाचलं. एकदा सॉसेजकडे पाहिलं, एकदा काकूकडे.

"ती म्हणाली उलटा," काका म्हणाला आणि पाव शेकायला घेतले.