जत्रेला गेलेल्याचं पाणी

नळाला पाणी येण्याआधी हवा येते. तोटी फुसफुसते, दोन-तीन उचक्या देते, मग तांबूस गढूळ धार सोडते. ती निवळली की क्लोरिनचा उग्र वास अंगणभर पसरतो. एरवी हा वास कुणाला आवडणार नाही. पण आठवड्याने पाणी पाहणाऱ्या गारखेड्यात तो पाकाच्या वासासारखा घराघरात शिरतो आणि माणसं लगबगीने, जवळजवळ आनंदाने, भांडी सरकवू लागतात. आज सकाळी आक्काच्या, म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीच्या, अंगणात मी असाच पाइप धरून उभा होतो. खिशातला फोन थरथरला. वर्तमानपत्राच्या कार्यालयातल्या सहकाऱ्याने बातमी पाठवली होती. तो जुना विलायती रॉक बँड साठीनिमित्त पुन्हा जगाच्या दौऱ्यावर निघतो आहे. पूर्वी चौघे होते, आता तिघे आहेत. ढोल वाजवणारा राहिला नाही. बातमीखाली शहरांची नावं होती, ती मी वाचून दाखवली. पिंपावर झाकण ठेवता ठेवता आक्का म्हणाली, "आपलं गाव हाय का रे त्यात?"

"नाही."

"राहू दे. आपुन जाऊन आलोत की."

मी हसलो. पाइपाचं तोंड दुसऱ्या पिंपात टाकलं आणि त्या दुष्काळी वर्षाचा तो सगळा आठवडा, त्यातल्या घालमेलीसकट आणि हर्षासकट, क्लोरिनच्या वासातून वर आला.

आजचा गारखेडा हा आमच्या लहानपणी माळ होता. आमच्या आप्पांनी, वडिलांनी, तिथे मेंढरं चारली. एका दुष्काळात कळप मोडला. पुढे त्याच माळावर चुन्याच्या रेषा पडल्या, रेषांचे प्लॉट झाले, आणि ज्या जमिनीवर आप्पा मेंढरं राखत होते तिथेच ते विटांचे ढीग आणि सिमेंटची पोती राखू लागले. शहर वाढलं, ते आमच्या दारापर्यंत आलं आणि दार ओलांडून पुढे गेलं. त्याच वाढत्या शहराने आक्काला चिकलठाण्याच्या एका कंपनीत नोकरी दिली. तिथे टेपरेकॉर्डर तयार होत. आक्का चाचणीच्या टेबलावर होती. तयार झालेलं प्रत्येक यंत्र तिच्यापुढे येई, ती त्यात एक कॅसेट घाली, खालचे आणि वरचे सूर नीट उमटतात का ते ऐके आणि यंत्र पुढे सरकवी. कॅसेट कायम तीच. कुणा हौशी साहेबाने घरून आणलेली, या बँडची. ढोल दणदणीत, गिटार कर्कश, म्हणून चाचणीला सोयीची.

म्हणजे ज्या काळात या शहरात हे संगीत ऐकणारे हाताच्या बोटांवर मोजावे लागले असते, त्या काळात गारखेड्यातली धनगराची लेक ते पाळीभर ऐकत होती. तिला इंग्रजीचा एक शब्द कळत नव्हता. गाण्यांची नावं तिला ठाऊक नव्हती, आजही नाहीत. ती त्यांना 'पहिलं', 'दुसरं', 'उलट्या बाजूचं तिसरं' म्हणते. पण घरी भाकरी थापताना तिच्या तळव्यांत तो ठेका असे, आणि चुलीपुढे बसलेले आप्पा त्यावर मान हलवीत. त्यांना वाटे, लेक कुठली तरी ओवी मनात म्हणते आहे.

उलट्या बाजूच्या तिसऱ्या गाण्यात मात्र एक खोट होती. सततच्या वापराने तिथे फीत ताणली गेली होती. गाणं ऐन भरात येई, सगळी वाद्यं एकदम थांबत, आणि त्यानंतर काही क्षण आवाज विहिरीत पडल्यासारखा खोल जाई. काहीतरी वाजतंय एवढंच कळे, काय ते कळत नसे. मग गाणं पुन्हा उसळून वर येई. पुढे कंपनी बंद पडली. आक्का गुलमंडीत साड्यांच्या दुकानात उभी राहू लागली. निरोप घेताना तिने कंपनीकडून तेवढी एक कॅसेट मागून घेतली होती. फोनवर सगळी गाणी मिळू लागली तेव्हा मी तिला म्हटलं, ते गाणं आत्ता पूर्ण ऐकवतो. तिने माझा हात बाजूला केला. "नको. तिथं काय हाय ते त्यायच्या समोरच ऐकीन." मला ती थट्टा वाटली. तिला तशी वाटत नव्हती.

आणि मग ते वर्ष आलं. जायकवाडी धरणात नुसता मृतसाठा उरला होता. पहिल्या पानावर रोज धरणाची पातळी, टँकरच्या खेपा, चारा छावण्या. मी कार्यालयात या बातम्यांचे मथळे करीत बसलो होतो, आणि त्यांच्यामधून वृत्तसंस्थेकडून आलेली चार ओळींची बातमी पुढे सरकली. बँडला पन्नास वर्षं पूर्ण होत होती, त्यानिमित्त जगभर दौरा होता आणि एक कार्यक्रम मुंबईत होता. हा दौरा बहुधा शेवटचा असेल, असंही खाली म्हटलं होतं. इतक्या वर्षांच्या नोकरीत बातमी वाचून मी खुर्चीतून उठल्याचं मला आठवत नाही. त्या दिवशी उठलो. आक्काला फोन केला. पलीकडे दुकानातला गलका होता. त्यातूनच ती म्हणाली, "पाण्याचा दिवस कोणता पडतो ते बघून तिकिटं काढ."

हे बाहेरगावच्या वाचकाला समजणार नाही. आमच्याकडे लग्नाचा मुहूर्त पंचांगाइतकाच पाण्याच्या वारावर ठरतो. पाण्याच्या दिवशी घरातलं एक धडधाकट माणूस घरी असावंच लागतं. पाणी कधी येईल सांगता येत नाही, किती वेळ टिकेल सांगता येत नाही, आणि पाळी हुकली तर पुढचा आठवडा शेजाऱ्यांकडे कळशी घेऊन जावं लागतं. मी पाळी बघून तिकिटं काढली. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी पाणी येणार होतं. आक्काने ठेवणीतली निळी साडी इस्त्री करून आणली. दुकानातल्या पोरी तिला गाण्यावरून छेडू लागल्या. चाळिशी केव्हाच ओलांडलेली माझी बहीण सहलीला निघालेल्या मुलीसारखी पिशवी भरून तयार झाली होती.

आणि धरणावरच्या पंपांची वीज गेली. सगळ्या शहराची पाळी एका दिवसाने पुढे सरकली. पाणी आता नेमकं कार्यक्रमाच्या दिवशी येणार होतं.

मी गेलो तेव्हा साडी पुन्हा ट्रंकेत गेली होती. "तू जा," आक्का म्हणाली. "आन आल्यावर मला सांग, तिथं काय वाजतंय ते." आप्पा ऐंशीच्या पुढचे. भरलेली बादली त्यांच्याने उचलत नव्हती. मी म्हटलं, मी थांबतो, तू जा. ती म्हणाली, "येडा हायस का? मी एकटी त्या मुंबईत काय करू? आन पाणी सोडून गाणं ऐकायला गेली म्हणून लोकं तोंडात शेण घालतील." ती हे शांतपणे बोलत होती, पण हातातला झाडू एकाच जागी फिरत होता. पंचवीस वर्षं तिने एका गाण्यातल्या त्या दबलेल्या जागेची वाट पाहिली होती, आणि ती वाट एका पंपापाशी येऊन थांबली होती.

आप्पा बाजेवर पडून ऐकत होते. ते उठून बसले. "कुठं जायचं होतं हिला?"

"मुंबईला, आप्पा. त्या वाजवणाऱ्यांच्या कार्यक्रमाला," मी म्हणालो.

"ज्यायचं रोज लावती ते?"

"व्हय."

"लांबून यायलेत?"

"सात समुद्रापलीकडून. चार म्हातारे हायेत."

"म्हातारेच असतेत," आप्पा म्हणाले. "आपल्या बिरोबाच्या जत्रंत ढोल वाजवणारे कुठं पोरं होते? मग एवढ्या वर्सांचं नवसाचं बोलणं हाय आन जत्रा चुकवती व्हय?"

आक्काने त्यांना सांगून पाहिलं की ही जत्रा नव्हे, तिथे देव नाही, तिकीट लागतं. आप्पा म्हणाले, देवाला जायलाही यष्टीचं तिकीट लागतंच. मग काठी घेऊन ते बाहेर पडले आणि समोरच्या ओट्यावर गव्हातले खडे निवडत बसलेल्या काकूंपुढे उभे राहिले. या काकू मोठ्या जमीनदार घरातल्या. मुलं नोकरीला लागल्यावर शहरात आलेल्या. आप्पांनी त्यांना एवढंच सांगितलं, "माझी लेक जत्रंला जायलीय. जत्रंला गेलेल्याची मेंढरं तहानली ऱ्हायत नसतेत." हा आमच्यातला जुना रिवाज. देवाला गेलेल्या माणसाचा कळप मागे राहिलेल्यांनी पाण्यावर न्यायचा, आधी त्याची मेंढरं, मग आपली. काकूंनी मेंढरं कधी राखली नव्हती, पण बोलणं त्यांना कळलं. त्या थेट आक्काकडे आल्या.

"कोणत्या देवाला जायलीस गं?"

"देव नाय काकू, बँड हाय. विलायती."

"लग्नात वाजवतो तसला?"

"तसलाच. पर लग्न नाय."

"मग कशापायी वाजवायलेत?"

"एकत्र वाजवायला लागून पन्नास वर्सं झाली म्हणून."

काकूंनी पदर खोचला. "पन्नास वर्सं एकत्र? बाई, आमच्याकडं दोन भाऊ पाच वर्सं एका चुलीवर ऱ्हायले नायीत. जा तू. असल्यायचं तोंड बघून ये. तुझी पिंपं मी भरते."

निघताना आप्पांनी आक्काच्या हातात धडप्याची, जुन्या कापडाच्या तुकड्याची, एक गाठ दिली. आत भंडारा होता, देवावर उधळतात ती हळद. आक्काने माझ्याकडे पाहिलं आणि गाठ कमरेला खोचली.

मैदानाच्या दारात आमचा पहिला खोळंबा झाला तो पाण्यावरूनच. पाण्याची बाटली आत नेता येणार नाही, इथे टाका, असं पहारेकऱ्याने सांगितलं. बाजूच्या पिंपात भरलेल्या बाटल्यांचा ढीग होता. आक्का त्या ढिगाकडे बघत राहिली. "टाकू? पाणी?" मागे रांग वाढत होती. तिने झाकण उघडलं आणि मागच्या काळ्या शर्टातल्या पोरांपुढे बाटली धरली. "प्या रे. वरून प्या." पोरं गोंधळली, मग हसली, मग एकामागून एक वरून पाणी पिऊ लागली. बाटली रिकामी झाल्यावरच आक्का पुढे सरकली. आता पहारेकऱ्याचं लक्ष कमरेच्या गाठीकडे गेलं. त्याने ती सोडायला लावली, पिवळी पूड पाहिली आणि त्याचा चेहरा बदलला. "भंडारा?" आक्काने मान हलवली. "कुठल्या तुम्ही, मावशी?" तिने गाव सांगितलं. "मी जतचा. आमचा बी बिरोबाच," तो म्हणाला, चिमूटभर भंडारा स्वतःच्या कपाळाला लावला आणि आम्हाला आत सोडलं.

सांजेच्या उजेडात ते चौघे आले. मी सगळं टिपून ठेवायचं ठरवलं होतं, पण पहिला ढोल वाजला आणि माझी लेखणी थांबली. आवाज कानांनी ऐकायचा नव्हता, तो पायाखालच्या जमिनीतून वर चढत होता. हजारो हात वर गेले. आक्का निळ्या साडीत त्या काळ्या शर्टांच्या समुद्रात उभी होती आणि प्रत्येक गाणं सुरू होताच ओरडत होती, "दुसरं! हे दुसरं!" शेजारच्या पोरांनी तिची ती पद्धत उचलली. पोरंही ओरडू लागली, "दुसरं!" मी माझ्या बहिणीला इतक्या मोठ्याने बोलताना कधी ऐकलं नव्हतं.

मग उलट्या बाजूचं तिसरं आलं. तिने माझं मनगट धरलं. गाणं चढत गेलं, ऐन भरात आलं, आणि सगळी वाद्यं थांबली. अख्खं मैदान गप्प झालं. एकच झोत ढोलवाल्या म्हाताऱ्यावर पडला. त्याने काठी उचलली आणि ढोलाच्या बाजूला लावलेल्या एका लहानशा लोखंडी घंटीवर मारली. टण्. टण् टण्. बाकी काही नाही.

"घंटी हाय रे!" आक्का म्हणाली. "तिथं घंटी हाय! आपल्या एडक्याच्या गळ्यात होती तसली!"

कळपाच्या पुढे चालणाऱ्या त्या एडक्याची घंटी मलाही आठवली. त्याच माळावर ऐकलेली, आता जिथे आमचं अंगण आहे. तेवढ्यात गाणं उसळलं आणि आक्काने गाठ सोडून भंडारा वर उधळला. झोताच्या उजेडात तो पिवळा ढग क्षणभर तरंगला आणि अनोळखी डोक्यांवर उतरला. पुढची एक मुलगी वळली, केसांवरची हळद बोटाला लावून तिने पाहिली आणि ते बोट कपाळाला टेकवलं. का, हे तिलाही सांगता आलं नसतं.

परत आलो तेव्हा पिंपं, घागरी, बादल्या, अगदी कुत्र्याचं भगुणंसुद्धा काठोकाठ भरलेलं होतं. आप्पांनी विचारलं, "झाली जत्रा?" आक्का म्हणाली, "झाली. तिथं घंटी होती, आप्पा." आप्पांनी मान हलवली, जणू त्यांना ते आधीच ठाऊक होतं.

आप्पा गेले, त्याला आता बरीच वर्षं झाली. शहराचं नाव बदललं, नव्या वसाहती पार टेकड्यांपर्यंत पोहोचल्या, पाण्याची पाळी मात्र आहे. आमच्या गल्लीत कुणी बाहेरगावी निघालं, परीक्षेला असो की विमानाने लेकीकडे, त्याची पिंपं शेजारी भरतात. कुठल्या देवाला, असं आता कुणी विचारत नाही. बँड पुन्हा निघाला आहे. त्या घंटीवर आता दुसरा कुणी काठी मारील.

आज पाणी भरून झाल्यावर आक्काने तीच कॅसेट लावली. ती बदलून घ्यायचं तिच्या मनात कधी आलं नाही. उलट्या बाजूचं तिसरं भरात आलं, थांबलं, आणि ठरल्या जागी आवाज विहिरीत उतरला. आक्का ओल्या फडक्याने ओटा पुसत होती. मान वर न करता तिने बोटाची पेरं शेजारच्या घागरीवर आपटली. टण्. टण् टण्. भरलेल्या घागरीचा आवाज किंचित दबका येतो. मग फीत पुन्हा वर आली आणि गाणं पुढे चालू झालं.