पंचनाम्यातली एक ओळ

तलाठ्याच्या नोकरीत मी शेकड्यांनी पंचनामे लिहिले. बुडालेल्या पिकांचे, पडलेल्या भिंतींचे, पुरात वाहून गेलेल्या जनावरांचे. त्यांतला एकच मला तोंडावर वाचून दाखवला गेला. तो वाळूच्या ट्रॅक्टरचा.

नव्वदचं दशक सरत आलं होतं. गडहिंग्लजच्याही पुढं, कानडी सीमेकडची तीन गावं माझ्याकडं होती. वाळूवाल्यांवर कारवाई करा, असा वरून सारखा तगादा. एका सकाळी कोतवालाला घेऊन मी नदीकडच्या रस्त्यावर उभा राहिलो. वाळू भरलेला एक ट्रॅक्टर आला आणि आम्हाला बघताच ड्रायव्हर उडी टाकून उसात पळाला. गावातला दुसरा ड्रायव्हर गाठून आम्ही ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात नेऊन लावला. मग मी लिहायला बसलो. ‘नदीपात्रातून वाळू भरून बाहेर येत असताना पकडला.’ पात्र तिथून अर्धा मैल तरी लांब होतं. पण सगळे असंच लिहीत, मलाही तसंच शिकवलं होतं. पंच म्हणून कोतवाल आणि समोरचा चहावाला. त्यानं ओले हात पुसून सही केली.

ट्रॅक्टर एका बाईच्या नावावर होता. दुपारी ती आली. पन्नाशीची, कपाळाला विभूती लावलेली लिंगायत शेतकरीण.

“भाऊसाहेब, वाळू नदीतली न्हाई,” ती म्हणाली. “पुरानं आमच्या मळ्यात टाकल्याली. मळा मोकळा करायलोय आम्ही. चला, खड्डा दावते.”

“अक्का, कागद वर गेला आता. साहेबांना सांगा.”

मळा चालत जाण्यासारखा होता. पण टेबलावर उताऱ्यांसाठी माणसं खोळंबली होती, आणि खरं सांगायचं तर मला कंटाळा आला होता.

तहसीलदारांनी दंड ठोठावला आणि तो भरेपर्यंत ट्रॅक्टर सोडायचा नाही, असा हुकूम दिला. दंड भरला की चोरी कबूल केल्यासारखं होतंय, म्हणून अक्का अडून बसली आणि प्रांतांकडं अपिलात गेली. मग तारखा सुरू झाल्या. मलाही दर वेळी बोलावणं असे. आम्ही दोघं एकाच बाकावर बसायचो. आज साहेब दौऱ्यावर, आज वकील नाहीत, आज फाईल सापडत नाही. दुपारी ती भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी सोडायची आणि न विचारता अर्धी भाकरी माझ्यापुढं करायची. मी ती खायचो. तिच्याविरुद्धचा कागद मीच लिहिलेला, हे दोघांनाही माहीत होतं.

शेवटी एकदा सुनावणी झाली. तिच्या वकिलानं पंचनामा सावकाश वाचला.

“ट्रॅक्टर कुठं अडवलात?”

“रस्त्यावर.”

“वाळू भरताना पाहिलंत?”

“नाही.”

“मग ही ओळ?”

मी पंचनाम्याखालच्या माझ्याच सहीकडं बघितलं.

“बरं, जप्त केलेली वाळू कुठं आहे?”

वाळू संपली होती. पावसाळ्याआधी तहसीलच्या पायऱ्या दुरुस्त केल्या, तेव्हा गवंड्यानं तीच वापरली होती. हे मला सांगावं लागलं. कुणी हसलं नाही. एवढं होऊनही प्रांतांनी दंड कायम ठेवला.

मग वकिलानं मुंबईला हायकोर्टात अर्ज घातला. अक्का दोनदा मुंबईला जाऊन आली. पहिल्या खेपेला नुसती तारीख पडली. दुसऱ्या खेपेनंतर हुकूम आला: अशा कामात वाहन अडकवून ठेवायचा अधिकार तहसीलदारांना नाही, हमीपत्र घेऊन ट्रॅक्टर सोडा, आणि जागा पाहून दंडाचा फेरविचार करा. तोवर दोन वर्षं उलटली होती. ट्रॅक्टरवर वेल चढला होता, टायर भेगाळले होते. सुरू व्हायचा प्रश्नच नव्हता. तिच्या मालकांनी भावकीतल्या ट्रॅक्टरला साखळी बांधून तो ओढत नेला.

पोचपावतीवर अंगठा उठवून अक्का माझ्याकडं वळली. “नदीत भरताना तुम्ही बघितला न्हवतासा. मग लिव्हलासा कशाला?”

“तसंच लिहितात, अक्का.”

तिनं माझ्याकडं बघितलं आणि पदरानं अंगठ्याची शाई पुसत निघून गेली. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

जागा पाहायला मलाच पाठवलं. मधल्या काळात दोन पूर येऊन गेले होते. खड्डा होता की नव्हता, त्या जागी आता कमरेएवढा ऊस उभा होता. अक्काच्या मालकांनी पाणी दिलं. बांधावर उभं राहून मी लिहिलं, ‘वाळू कुठली होती हे आता सांगता येत नाही.’

“असं कुणी लिहितं का?” तहसीलदार चिडले. पण कागद तसाच वर गेला.

पुढं माझी कागलकडं बदली झाली. कोतवाल एकदा एस.टी. स्टँडवर भेटला. दंड रद्द झाल्याचं त्यानंच सांगितलं.

“आणि ट्रॅक्टर?”

“इंजिन जाम झाल्यालं. मोडीत घातला की.”

त्याची गाडी लागली होती. मी त्याला जा म्हटलं आणि बराच वेळ तिथंच बसून राहिलो.