भुईनाद आणि यादवचं "हां"

यादव गावितला जन्मात कधी कोणी पहिलं बोलू दिलं नाही, आणि त्यालाही त्याचं कधी काही वाटलं नाही. सुरगाण्याकडच्या त्यांच्या पाड्यावर सुगी झाली की थाळगान बसायचं. काशाच्या थाळात मधोमध मेणाने एक वाळकी काडी उभी चिकटवायची आणि चिमटीत धरून वरून खाली बोटं ओढत राहायची, एक हात सुटायच्या आत दुसरा. थाळ असा काही घुमू लागतो की नवखा माणूस हमखास मागे वळून बघतो, हा आवाज येतोय तरी कुठून!

थाळ वाजवायचा आणि कणसरीची, धान्याच्या देवीची, कथा गायची ती यादवच्या थोरल्या भावाने, सोमाने. यादव झीलकरी. सोमाची ओळ झेलायची आणि विचारायचं, "हां, मंग?" झीलकऱ्याने "मंग" विचारल्याशिवाय कथा पुढे सरकत नाही, असा पाड्याचा रिवाज. सोमा तंबाखू मळायला थांबला की थाळ तेवढा वेळ यादवच्या हातात यायचा, बस्स.

पोटापाण्यासाठी यादव नाशिकला आला आणि पेठ रोडवरच्या रोपवाटिकेत गुलाबाची कलमं बांधता बांधता इथलाच झाला. सुगीला मात्र पाड्यावर हजर. मग सोमा गेला. वहिनीने थाळ यादवच्या हाती दिला आणि यादवने तो घरी आणून भिंतीला टांगला. कथा अख्खी पाठ होती हो, पण सुरुवात कोण करणार? पहिली ओळ कायम सोमाची. त्यात हल्ली एक भलतीच भीती त्याच्या मनात शिरली होती. सोमाचा चेहरा आठवे, चालणं आठवे, खोकला आठवे, पण आवाज काही केल्या आठवत नव्हता. हे त्याने बायकोलाही सांगितलं नव्हतं.

आणि अशात त्याच्या लेकीने, तृप्तीने, एक नवा देश काढला. काढला म्हणजे स्वतःच्या डोक्यातून! तृप्ती आणि तिचे मित्र मोबाइलवर ऐकायची एक मालिका करत होते. देशाचं नाव निळवण. तिथे झाडं रात्री जागा बदलतात, पाखरं उलटी उडतात, आणि कधीतरी अचानक जमिनीच्या पोटातून भुईनाद उठतो. तो उठला की नद्या जागच्या जागी थांबतात आणि ज्या माणसाला आपण विसरत चाललो, त्याचा आवाज कानाशी येतो. ऐकून यादवच्या अंगावर काटा आला. पोरीला हे सुचलं तरी कुठून?

सुचलं खरं, पण भुईनाद आणायचा कुठून? रेकॉर्डिंग करणाऱ्या अमितने कॉम्प्युटरवर हरतऱ्हेचे आवाज काढून पाहिले. एक निघाला मिक्सरसारखा, दुसरा बोअरवेलच्या गाडीसारखा. तृप्ती वैतागून घरी आली, भिंतीला पाठ टेकली, डोकं थाळाला लागलं आणि थाळ घुमला. पोरगी ताडकन उठली.

"बा! भुईनाद तर आपल्या भिंतीला टांगलाय!"

"मी झीलकरी हाय, पोरी. थाळकरी सोमा व्हता."

"गायचं नाहीच आहे. नुसता वाजव."

"जा की," आतून यादवची बायको कमळाबाई म्हणाली. "भिंतीला किती दिस ऐकवत बसाल?"

नुसताच वाजवायचा म्हटल्यावर यादवला धीर आला. दुसऱ्या दिवशी मायलेकींनी त्याला इस्त्रीचा शर्ट घालून नवरदेवासारखा घराबाहेर काढला.

स्टुडिओ म्हणजे भिंतींना गाद्या लावलेली एक खोली आणि काचेपलीकडे अमित. त्याने बजावलं, "काका, एकदम शांतता. इथे टाचणी पडली तरी ऐकू येते."

यादवने मेण मऊ केलं, काडी बसवली, बोटं ओढली. आधी काहीच नाही. मग थाळाच्या काठावरून काहीतरी सरकलं, वाढलं, खोलीभर झालं. टेबलावरचा पाण्याचा ग्लास शहारला. काचेपलीकडे अमित उभाच राहिला आणि वायरी तपासायला लागला. तृप्तीने दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं. हाच! हाच तो भुईनाद! आणि ऐन भरात आला असताना खणखणीत आवाज आला,

"हां, मंग?"

यादवने जीभ चावली. पुन्हा सुरुवात. पुन्हा नाद चढला, पुन्हा "हां, मंग?" तिसऱ्या वेळी तृप्तीने त्याच्या तोंडात चॉकलेट कोंबलं, तर चॉकलेटसकट "हां, मंग?" बाहेर आलं.

हसावं की रडावं हे अमितला कळेना. "काका, अहो विचारताय तरी कोणाला?"

यादवने थाळावर तळहात ठेवला. आवाज विझला.

"सोमाला," तो म्हणाला. "थाळ वाजला का तोंड आपसूक उघडतं. वाटतं, आता तो पुढलं म्हनंल." मग लेकीकडे न बघता म्हणाला, "मला त्याचा आवाज आठवत नाय, तृप्ते. लय भ्या वाटतं."

तृप्तीचं काळीज हललं. आपण ज्याला कल्पना म्हणून मिरवत होतो, ते घरातच बसलं होतं आणि आपल्याला पत्ता नव्हता. ती त्याच्याजवळ जमिनीवर बसली. "मग सोमाकाकाला विचारू नको, बा. तो जे म्हणायचा, ते तू म्हण."

"पण आपल्याला फक्त नाद..." अमितने सुरुवात केली. तृप्तीने नुसतं त्याच्याकडे पाहिलं. तो गुपचूप खाली बसला.

यादवने काडी धरली. नाद उठला. त्याने डोळे मिटले, तोंड उघडलं आणि बंद केलं. पुन्हा उघडलं.

"भुय नव्हती, भात नव्हता, तवा कणसरी माय कुठं व्हती...?"

यादव दचकला. हा आवाज! तोच खरखरीत, शेवटाला वर चढणारा, थेट सोमाचा! पण गळा तर त्याचा स्वतःचा होता. इतकी वर्षं ओळी झेलता झेलता त्याने आवाजही झेलून ठेवला होता आणि वेड्याला ते ठाऊकच नव्हतं. आनंदाने त्याची छाती भरून आली, बोटं आपोआप पळू लागली.

पण ओळ संपली. रिवाज तो रिवाज. झीलकऱ्याशिवाय थाळकरी पुढे जाणार कसा? यादव थांबला. नाद नुसताच घुमत राहिला. तृप्ती श्वास रोखून बसलेली, शांततेची शपथ घातलेली. थाळ हळूहळू उतरू लागला.

तेवढ्यात काचेपलीकडून, कधी सुरगाणाही न पाहिलेल्या अमितचा आवाज आला. सकाळपासून सगळ्यांना गप्प करणारा तो पोरगा माइकवर पुरता ओणवा झाला होता.

"हां... मग?"

यादव हसला, रडला, आणि त्याने दुसरी ओळ उचलली.