जिवंत बाईचा टाक

अन्याय झाला तो एका जिवंत बाईवर. सत्तावन्न साली, अक्षय्य तृतीयेच्या सकाळी, बंगळूरच्या पेठेतल्या एका मराठी घरात. त्या सकाळी तिच्या सासूने आणि नवऱ्याने तिच्या नावाचा चांदीचा टाक देवात बसवला, त्याला हळदकुंकू वाहिलं आणि ती मेली असं चार लोकांत सांगितलं. ती त्या वेळी गावाबाहेरच्या क्षयरोग्यांच्या इस्पितळात खाटेवर बसून पेज पीत होती. ही घटना विसरायची माझी तयारी नाही.

मी पोलीस खात्यातून निवृत्त झालो, पण म्हातारा होऊन नव्हे. तिशीतच राजीनामा दिला. कॉलेजात पत्रकं काढत होतो, आता पुन्हा तेच करतो. मधली काही वर्षं सबइन्स्पेक्टर होतो. त्या वर्षांतली ही एक केस. नावं कुणाचीच देत नाही. नावं दिली की लोक म्हणतात, ते घरच तसं. ते घर अगदी तुमच्या-माझ्या घरासारखं होतं.

साठ साल, कार्तिकातला शेवटचा सोमवार, बसवनगुडीची शेंगांची जत्रा. त्या दिवशी ठाण्यात हरवलेली पोरं आणि कापलेले खिसे याखेरीज काही येत नसे. दुपारी एक म्हातारी, तिचा मुलगा आणि कडेवर लेकरू घेतलेली सून अशी तिघं आली. सुनेच्या गळ्यातला टाक गर्दीत कुणीतरी ओढून नेला होता.

टाक म्हणजे चांदीच्या पातळ पत्र्यावर ठोकून उठवलेली माणसाची किंवा देवाची छोटी आकृती. आमच्या घरांतून पहिली बायको मेली की तिचा टाक देवात बसवायची आणि दुसरी आली की सणासुदीला तो तिच्या गळ्यात घालायची रीत आहे. मेलेली सवत त्रास देत नाही म्हणे. जिला जिवंतपणी कुणाला त्रास देता आला नाही ती मेल्यावर काय देणार, हा प्रश्न कुणी विचारत नाही.

"मंगळसूत्र गेलं का?" मी सुनेला विचारलं.

"नाही. ते हाताला लागलं होतं तिच्या. तिनं ते बाजूला सारलं आणि टाक तोडला."

"तिनं? बाई होती?"

सून काही बोलायच्या आत सासू म्हणाली, "गर्दीत कुठलं दिसतंय साहेब. चोर तो चोर."

सोनं सोडून चांदीचा तुकडा नेणारा चोर मी पाहिला नव्हता. फिर्याद लिहून घेतली, सह्या-अंगठे घेतले. म्हातारी जायला निघाली तोच आमची झाडूवाली व्हरांड्यातून आडवी गेली. ती विधवा. म्हातारी चटकन मागे फिरली आणि बाकावर बसली.

"काय झालं आजी?"

"पांढरं कपाळ आडवं आलं. स्वल्प थांबते. पाणी द्या."

झाडूवालीनं ते ऐकलं. मान खाली घालून ती झाडत राहिली. मला संताप आला, पण संतापाला कलम नाही. ती गोष्ट डोक्यात मात्र राहिली.

दोन-तीन दिवसांत खबर आली ती पेठेतल्या एका सोनाराकडून. एक बाई टाक घेऊन आली आहे, विकत नाही, म्हणते ठोकून सपाट करा. देवातला टाक असा मोडत नाहीत म्हणून त्यानं तिला बसवून ठेवलं होतं. आमचे दफेदार, म्हणजे तुमच्याकडचे हवालदार, तिला घेऊन आले. दफेदार वयानं मोठे, जीभ तिखट.

बाई तिशीच्या आतली. हाडं वर आलेली, पांढरट लुगडं, कपाळावर काही नाही. सरळ बसली. टाक मी टेबलावर ठेवला.

"हा तुझ्याकडे कसा आला?"

"ओढून घेतला."

"म्हणजे चोरलास."

"माझाच आहे."

"नाव काय?"

"टाक कुणाचा म्हणून लिहिलंय तुम्ही? तेच."

दफेदार म्हणाले, "अक्का, सरळ सांग. साहेब तरुण आहेत, चिडतात."

"सरळच सांगतेय. ज्या बाईचा टाक आहे ती बाई मी."

मी खरंच चिडलो. खुळी बाई गळ्यात पडली की आख्खा दिवस जातो. नवऱ्याचं नाव विचारलं तर गप्प. दफेदारांनी कपाळाला हात लावला. "बघा. मारून टाकली त्यानं, तरी त्याचं नाव घेणार नाही."

मग तिनं तुकड्या-तुकड्यांनी सांगितलं. लग्न झालं, मूल झालं नाही, खोकला लागला. नवऱ्यानं इस्पितळात नेऊन घातलं. पहिल्यांदा दर आठवड्याला यायचा, मग सणाला, मग नाही. ती बरी झाली. पण घरून न्यायला कुणी येईना, म्हणून तिथंच आया म्हणून राहिली. कपाळ पुसून टाकलं, कारण नवरा आहे म्हटलं की लोक विचारतात, मग तो कुठं आहे? शेवटी स्वतःच पेठेत गेली. दारात ओळखीच्या शेजारणीनं तिला पाहिलं आणि किंचाळून दार लावून घेतलं. दाराआडूनच म्हणाली, तुझं सुतक पाळलंय गं आम्ही, घरात दुसरी आलीय.

"मग भावाकडे नाही गेलीस?"

"गेले होते. तो म्हणाला, तुझं तेरावं घातलंय. आता लोकांना काय तोंड दाखवू?"

"आणि जत्रेत?"

"तिला बघायला गेले होते. नवी कशी आहे ते. तर तिच्या गळ्यात मी." तिनं टाकाकडे बोट केलं. "साहेब, मला त्या घरात जायचं नाही. मला पैसा नको. पण मी आहे, एवढं त्यांच्यातल्या कुणीतरी तोंडानं म्हणू दे. तोवर मला कुठंच जाता येत नाही. जिथं जाते तिथं मी मेलेलीच असते."

मी फिर्यादी कुटुंबाला मुद्देमाल ओळखायला बोलावलं. नवऱ्यानं टाक ओळखला. बाईकडे बघून म्हणाला, "ही कोण? माहीत नाही." त्याचे कान मात्र लाल झाले होते. म्हातारीनं बाईकडे एकदा पाहिलं आणि नंतर भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत राहिली.

"आजी, ओळखता?"

"कोण बाई ही? आमचा काय संबंध?"

त्या दोघांचा आवाज इतका पक्का होता की मलाच शंका येऊ लागली. नेमकी तेव्हा ती बाई उठली. डोक्यावर पदर घेतला, सावकाश चालत गेली आणि सासूच्या पाया पडली. तीनदा वाकून, आमच्या घरांतली पद्धत असते तशी.

म्हातारीचा हात आपोआप तिच्या डोक्यावर गेला. तोंडून निघालं, "जन्मसावित्री हो."

व्हरांड्यात झाडूचा आवाज चालला होता तो थांबला.

मी म्हणालो, "आजी, परवा पांढरं कपाळ आडवं आलं म्हणून तुम्ही बाकावर बसून पाणी प्यालात. हिचं कपाळ बघा. या बाईचा नवरा जिवंत आहे हे तुम्हाला कुणी सांगितलं?"

म्हातारीनं हात पदरात ओढून घेतला. मुलगाच कोसळला.

"डॉक्टर म्हणाले होते वाचणार नाही. आज ना उद्या जाणारच होती साहेब."

"म्हणजे तू तिला जरा आधी मारलीस, एवढंच?"

"कायदा झाला ना, एक असताना दुसरी करता येत नाही. आई म्हणाली, वंश बुडेल. मुलीकडचे म्हणाले, पहिलीचा टाक दाखवा, मगच मुलगी देतो. म्हणून केला टाक."

दफेदार म्हणाले, "सरी, ठीक आहे. अण्णा, ती मेली म्हणून जेवणावळ घातलीस ना? आता उठली म्हणून आणखी एक घाल. आम्ही येतो."

दुसरी बायको लेकराला छातीशी धरून उभी होती. कोलारकडची गरीब घरची पोर. तीही फसवली गेली होती. तिनं मला विचारलं, "अक्का जिवंत, तर मग मी कोण?"

कायद्यानं तिचं लग्न लग्नच नव्हतं. नवऱ्यानं गुन्हा केला होता, पण पोलिसांना त्यात परस्पर हात घालता येत नव्हता. पहिल्या बायकोनं स्वतः मॅजिस्ट्रेटपुढे फिर्याद करायची. मी तिला म्हटलं, कर. आज कर. मी वकील बघतो.

"आणि हा आत गेला की ही आणि हिचं पोर कुणाकडे जेवतील? तुमच्याकडे?"

"पण तुझ्यावर अन्याय झालाय."

"माझ्यावर झालाय तो मला कळतो. तुम्ही तो हिच्यावर कशाला काढता?"

मी वरिष्ठांकडे गेलो. ते म्हणाले, घरगुती प्रकरण आहे, समजूत घाला आणि बाईला घरी पाठवा. मी विचारलं, कुठल्या घरी? ते म्हणाले, उद्धटपणा करू नका. सासर म्हणतं आमची नाही, माहेर म्हणतं आमची नाही, सरकार म्हणतं घरी जा. एवढ्या मोठ्या शहरात नवे कारखाने उभे राहत होते, वसाहती उठत होत्या, आणि एका धडधाकट बाईला स्वतःच्या नावावर राहायला एक खोली देऊ शकणारं दार मला सापडलं नाही. मी शोधलं. अनाथाश्रमानं विचारलं, पालक कोण?

चोरीच्या फिर्यादीचं काय करायचं तेवढं उरलं. ते दुसरीनं सोडवलं. तिनं जबाब दिला, "चोरी नाही झाली. जिची वस्तू तिला मिळाली." नवरा काही म्हणू लागला, तर ती त्याच्याकडे न बघता म्हणाली, "तुम्ही गप बसा." माझ्या कारकिर्दीतला तेवढाच एक जबाब मी मनापासून लिहून घेतला.

टाक मी पहिलीच्या हातात दिला आणि आम्ही तिला सोनाराकडे घेऊन गेलो. तिनं तो मुशीत टाकायला लावला. आकृतीचं नाक गेलं, पदर गेला, शेवटी नुसता पांढरा थेंब उरला. तेवढं होईस्तो ती डोळे न मिटता बघत होती.

परत येताना मी तिला विचारलं, "सासूच्या पाया का पडलीस? तिनं तुला जिवंत गाडलं."

"तिच्यासाठी नाही पडले. माझी सासू पाया पडलेल्या माणसाला रिकामं पाठवत नाही, आणि आशीर्वाद कधी चुकीचा देत नाही. मला ठाऊक होतं."

तपास मी केला असं कागदोपत्री आहे. तो तिनं केला.

ती इस्पितळात परत गेली. त्यानंतर तिनं कपाळाला कुंकू लावलं नाही, पण कुणी विचारलं तर "नवरा आहे, मी सोडलाय" असं सांगू लागली. लोकांना ते वाईट दिसलं. मेलेली होती तेव्हा त्यांना चालत होती.

या केसनं मला काय शिकवलं? घरातली बाई नाहीशी करायला विष लागत नाही, विहीर लागत नाही. चार माणसांनी एकमेकांचं ऐकून मान डोलावली की पुरतं. त्या शेजारणीनं विचारलं नाही, प्रेत कुठं आहे? भावानं विचारलं नाही, अग्नी कुणी दिला? सगळे तेराव्याला जेवले.

त्या आठवड्यात मी घरी आमचं देवघर उघडलं. माझी आई माझ्या वडिलांची दुसरी. तिथंही एक टाक आहे. आईला विचारलं, ही कशानं गेली? आई वाती वळत होती. म्हणाली, "बाळंतपणात गेली म्हणतात." कुठं? "माहेरी म्हणतात." तू कुणाला विचारलंस? आईचा हात थांबला. "मला कोण विचारू देणार होतं रे?"

म्हणून आता तुम्हाला सांगतो. हे वाचून झालं की खाली ठेवा आणि देवघरापाशी जा. तुमच्याकडे एखाद्या बाईचा टाक असेल तर तो हातात घ्या आणि घरातल्या सर्वांत वयस्क माणसाला विचारा, ही कुठं गेली, कशानं गेली, तिला शेवटचं कुणी पाहिलं. उत्तरात "म्हणतात" आलं, तर टाक परत ठेवू नका. चपला घाला आणि तिला शोधायला निघा.