अण्णांचा अर्धा व्हॉल्व्हॉक्स

अण्णा गेल्याचा फोन आला तेव्हा मी सांगलीत, कॉलेजच्या प्रयोगशाळेत होते. हातातली काचपट्टी धुतली, पुसली, जागेवर ठेवली आणि मग नवऱ्याला कळवलं. रडू आलं नाही. महिना उलटला तरी आलेलं नाही, आणि गेलेल्या माणसाबद्दल गोडच बोलावं हा रिवाज मला आज पाळायचा नाही.

अण्णा माझे थोरले दीर. कराडच्या एका कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायचे आणि गावाकडचं आमचं भलंमोठं एकत्र घरही चालवायचे, दोन्ही एकाच आवाजात. गणपतीत सगळे जमले की पडवीत सूक्ष्मदर्शक मांडायचे, काचेवर शेततळ्याच्या पाण्याचा थेंब घ्यायचे. "बघा रं, व्हॉल्व्हॉक्स!" पोरं रांगेनं डोळा लावायची. शेवाळाच्या शेकडो पेशींनी मिळून झालेला हिरवा, आरपार दिसणारा गोल, कडेला त्या पेशींचे बारीक ठिपके, पोटात छोटे गोल, आणि सगळं सावकाश गरगरत चाललेलं. दिसायचं सुंदरच, ते मी नाकारत नाही. एखादी सुटी पेशी मध्येच तुरुतुरु पळाली की अण्णा म्हणायचे, "ही एकटी. हिचं हिनंच पव्हायचं, हिचं हिनंच वाढायचं. दमती बिचारी! गोलात बघा, कामं कशी वाटून घेतल्यात. कडंच्या पेशी वल्ही मारत्यात, तवा गोल चालतोय."

मी त्याच विषयात एमएस्सी करून त्या घरात आले होते. सांगलीला नोकरी लागली तेव्हा अण्णांनी परस्पर नकार कळवून टाकला. "तुझी वल्ही हितं लागत्यात," एवढंच मला सांगितलं. मग कितीतरी वर्षं मी त्या घराच्या भाकऱ्या थापल्या आणि दर गणपतीत तोच धडा ऐकला. मला मूल झालं नाही. एका वर्षी अण्णा पोरांना म्हणाले, "ह्या कडंच्या पेशींस्नी पिल्लं हुत न्हाईत. त्या निस्तं वल्हवत्यात. पन त्यांच्याबिगार गोल हालायचा न्हाई." आणि माझ्याकडे बघून कौतुकानं हसले. अख्खी पडवी माझ्याकडे बघायला लागली. त्यांना ती शाबासकी वाटत होती, हे मला तेव्हाही कळत होतं... म्हणूनच अजून डोक्यात जातं.

धडा ते कायम तिथंच संपवायचे. पुढचं मला पाठ होतं. पोटातले गोल वाढले की आईचा गोल फाटतो, पिल्लं बाहेर पडतात आणि वल्हवणाऱ्या पेशी मागे मरून जातात. त्या दिवशी मी ते सांगायला तोंड उघडलं, तर म्हणाले, "च्याचं बघ जा." पुढच्या जूनमध्ये मी सांगलीत दुसरी नोकरी धरली आणि नवऱ्यालाही घेऊन आले. तेव्हापासून अण्णांनी माझ्याशी बोलणं टाकलं.

अण्णा शेवटच्या दुखण्यात दवाखान्यात होते, तेव्हा मी एकटीच गेले, ती भांडायलाच.

"आवं अण्णा, गोल शेवटी फुटतोय. पोरांना कवा सांगितलं न्हाई तुमी."

त्यांनी डोळे उघडले नाहीत. "ठावं हाय मला. कॉलेजात जलमभर तेच शिकीवलंय."

"मग घरात का न्हाई?"

त्यांनी तोंड भिंतीकडे वळवलं.

"घरात तू ऐकत हुतीस."

म्हणजे माणूस मला घाबरत होता! वल्हवणाऱ्या मागे मरतात हे त्यांच्याच तोंडून ऐकलं तर मी घर सोडेन, एवढं त्यांना माहीत होतं, आणि म्हणूनच चहाला पिटाळलं. मी बाहेर आले.

आता घरात वाटण्या चालल्यात. सूक्ष्मदर्शक कुणालाच नको होता, म्हणून थोरल्या जाऊबाईंनी तो माझ्याकडे पाठवून दिला, त्यांनीच शिवलेल्या खोळीसकट. परवा मी तो स्वयंपाकघरातल्या टेबलावर मांडला. कॉलेजातून आणलेल्या तळ्याच्या पाण्याच्या थेंबात एक गोल फाटताना दिसला. पिल्लं एकेक करून बाहेर पडली, लांब गेली. उरलेला फाटका गोल तिथंच पडला होता, आणि त्याच्या कडेच्या पेशी अजून वल्हवत होत्या.

त्या थांबेपर्यंत मी डोळा हलवला नाही. आणि अण्णा, खरं सांगते, तेव्हाही मला तुमचा रागच आला.