रजा न घेणारा बचावपटू

"चौदा सेंटिमीटर जागा रिकामी आहे," मी म्हणालो. "जाहिरात आलीच नाही."

"भरा," भाऊ म्हणाले. भाऊ म्हणजे आमचे संपादक. त्यांच्याकडे बहुतेक प्रश्नांना हे एकच उत्तर असायचं.

रत्नागिरीच्या एका छोट्या दैनिकात मी एकोणतीस वर्षं उपसंपादक होतो. उपसंपादक म्हणजे दुसऱ्यांच्या बातम्या भाषांतर करून, कापून, पानात बसवणारा माणूस. ही गोष्ट दोन हजार साल नुकतंच उलटलं तेव्हाची. खेळाचं पान माझ्याकडे होतं आणि फुटबॉलमधला मला फक्त चेंडू कळायचा.

त्या संध्याकाळी वृत्तसंस्थेचा फॅक्स येत होता. पॅराग्वेचा एक डिफेंडर अठरा वर्षं खेळून निवृत्त झाला होता. नाव देत नाही, त्याला मी पुरेसा त्रास दिला आहे. डिफेंडर म्हणजे बचावपटू. त्याने गोल करायचा नसतो, समोरच्याला करू द्यायचा नसतो. चार ओळी आल्या आणि फॅक्सचा रोल संपला. नवा रोल कपाटात, कपाटाची किल्ली कारकुनाकडे आणि कारकून घरी. पान सोडायला, म्हणजे छपाईला द्यायला, वीस मिनिटं उरली होती.

आमच्याकडे रोज एखादी तरी सेवानिवृत्तीची बातमी असायची. शिक्षक, तलाठी, एसटीचे कंट्रोलर. तो साचा मला पाठ होता. हात आपोआप चालला. डिफेंडर गरीब शेतकरी कुटुंबात जन्मला. अनवाणी शाळेत गेला. अवघड ठिकाणी बदल्या झाल्या, पण त्याने कधी तक्रार केली नाही. शिस्तप्रिय, तरीही मनमिळाऊ. अठरा वर्षांत एकही किरकोळ रजा घेतली नाही. उर्वरित आयुष्य बागायतीत घालवण्याचा त्याचा मानस आहे. शेवटी "सहकाऱ्यांनी शाल-श्रीफळ देऊन सत्कार केला" असं लिहिलं आणि खोडलं. तेवढी लाज होती.

दुसऱ्या दिवशी नवा रोल घातल्यावर मशीनमधून उरलेली बातमी बाहेर आली. हा गृहस्थ सरावाला दांड्या मारण्याबद्दल प्रसिद्ध होता. बहिणीचं लग्न, भाच्याचं बारसं, गावची जत्रा, काहीही असलं की न सांगता घरी. शेवटच्या क्लबने काढून टाकल्यावर तो निवृत्त झाला होता.

मी कागद घेऊन भाऊंकडे गेलो. "दुरुस्ती छापू या."

"कोणी तक्रार केलीन?"

"नाही."

"पॅराग्वेत आपला अंक जातो?"

"नाही."

"मग?"

मी कागद ड्रॉवरमध्ये ठेवला. माझा गुन्हा इथे सुरू होतो. आदल्या दिवशीची फक्त घाई होती.

पंधरा दिवसांनी घाग सर ऑफिसात आले. दाभोळकडच्या एका शाळेत ते पीटीचे शिक्षक. शालेय स्पर्धांचे निकाल मला आणून द्यायचे. त्या दिवशी हातात निकाल नव्हता आणि चेहरा उतरलेला होता.

"तुमच्या पॅराग्वेवाल्याने माझं लग्न मोडायची वेळ आणलीय."

त्यांच्या संस्थेचे अध्यक्ष आबा, आंब्याचे मोठे बागायतदार. त्यांनी माझ्या बातमीचं कात्रण फ्रेम करून शिक्षकांच्या खोलीत लावलं होतं. गुरुवारी खेडला सरांचा साखरपुडा होता. मुलीचे मामा तेवढ्यासाठी मुंबईहून येणार होते. सरांनी एक दिवसाची रजा मागितली. आबांनी फ्रेमकडे बोट दाखवलं. "अठरा वर्षं, घाग! आणि तोही खेळातलाच!"

"ते मी मनाने लिहिलंय," मी म्हणालो.

सर खुर्चीत बसले. बसले तसे उठले. "चला. आबांना सांगा."

सर फाटकाशी थांबले, मी बागेत गेलो. आबा कलमांना खत घालून घेत होते. मी सगळं सांगितलं, फॅक्स दाखवला. आबा हसले.

"घागाने पाठवलंन ना तुम्हाला?"

"नाही हो, ते मीच..."

"असा माणूस मनाने लिहायला फुटबॉल कळावा लागतो. तुम्हाला कळतो?"

"नाही."

"झालं तर! हा इंग्रजी कागद जळणाऱ्यांनी लिहिलेला आहे. मोठ्या माणसाच्या मागे असे लागतातच. तरी तुमचं म्हणणं असेल तर तसं लिहून, सही करून द्या. मी भाऊंना विचारतो."

माझ्या नोकरीची दोन वर्षं उरली होती. मी सही केली नाही. निघताना आबांनी फणस दिला, तोही घेतला.

गुरुवारी साखरपुडा झाला नाही. "ज्याला एक दिवस रजा मिळत नाही, त्याला मुलगी द्यायची कशी?" असं चारचौघांत म्हणून मामा मुंबईला परत गेले. रविवारी सर माफी मागायला खेडला निघाले. मला सोबत नेलं, कारण खरं मीच सांगणार होतो. पोहे आले, चहा आला आणि मी सगळा दोष डिफेंडरवर टाकला. "फार कडक माणूस. अठरा वर्षांत एक रजा नाही. त्याच्यामुळे सगळीकडे रजा बंद झाल्यात."

सर माझ्याकडे बघतच राहिले. मुलीच्या वडिलांनी बशी खाली ठेवली. मग मुलगीच बाहेर आली.

"त्याने नसेल घेतली रजा. मला काय त्याच्याशी लग्न करायचंय? यांना विचारा, लग्नाला तरी येणार ना?"

"येणार," सर म्हणाले. "नोकरी गेली तरी."

वडिलांनी आतून साखरेची वाटी मागवली.

लग्न उन्हाळ्याच्या सुट्टीत झालं. घागवहिनी अजूनही फुटबॉल लागला की टीव्ही बंद करतात. वीस वर्षं मी त्यांच्या हातचं जेवलो आणि गप्प राहिलो. आता आबा नाहीत, भाऊ नाहीत, ते दैनिकही नाही. म्हणून हे सगळं लिहिलं आणि आधी वहिनींना वाचायला दिलं. त्यांनी चष्मा काढला.

"म्हणजे तो भाच्याच्या बारशाला जायचा?"

"हो."

"आणि जत्रेलाही?"

"न सांगता."

"अगो बाई, चांगला होता की माणूस! उगाच शिव्या घातल्या इतकी वर्षं." मग सरांकडे वळून म्हणाल्या, "ऐकलंत? त्याला जमायचं."

सर आठ दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

न भेटलेल्या माणसाविषयी चांगलं लिहू नये, एवढं मी शिकलो. वाईट लिहिलं तर तो एकटा अडचणीत येतो. चांगलं लिहिलं तर बाकीचे सगळे.